खुणेच्या एक पाऊल पुढे

आमची आत्या चौदा वर्षं सिनेमात होती, पण नायिकेच्या मोठ्या बहिणीच्या पुढे तिची गाडी कधी सरकली नाही. तिला अभिनय येत नव्हता असं कुणी म्हणालं तर मी भांडेन. तिला दिसत नव्हतं, एवढंच. जाड भिंगांचा चष्मा कॅमेरा सुरू होताना उतरवावा लागे. कलाकाराने कुठे थांबायचं ते कळावं म्हणून जमिनीवर खडूने फुली मारतात. ती फुली शोधण्यात तिचा अर्धा जन्म गेला.

एकदा सरकारने स्वतःचं कौतुक करून घ्यायला सिनेमा काढला. शेवटच्या दृश्यात खुद्द मोठे साहेब सेटवर येणार आणि आत्या त्यांना गुच्छ देणार होती. सगळ्या देशाला आपला चेहरा दिसणार म्हणून ती हरखून गेली होती. ऐन वेळी फुली दिसलीच नाही. ती एक पाऊल पुढे गेली, साहेबांकडे वळली आणि कॅमेऱ्याला तिची नुसती पाठ मिळाली. साहेबांना 'पुन्हा करा' म्हणायची कुणाची छाती होती? स्टुडिओत तिचं नावच 'पाठमोरी' पडलं. आत्याने महिनाभर रडून घेतलं आणि कॅमेरामनशी बोलणं टाकलं, जणू त्या बिचाऱ्यानेच तिला ढकललं होतं.

तीन वर्षांनी लोक रस्त्यावर उतरले आणि साहेब देश सोडून पळाले. स्टुडिओतली त्यांची तसबीर खाली आली आणि नव्या सरकारची चौकशी समिती आत आली. हुकूम सरळ होता: त्या सिनेमात साहेबांशेजारी ज्याचा चेहरा दिसेल, त्याला यापुढे सिनेमात काम नाही. नायक गेला, नायिका गेली. मग आत्याला बोलावणं आलं. सिनेमा सोडून तिला दुसरं येत काय होतं? साधं दूधसुद्धा ती रोज उतू घालवायची.

सोबतीला मी गेले. अंधाऱ्या खोलीत सिनेमा लावला होता. यात तुम्ही कुठल्या, असं अध्यक्षांनी विचारलं. नाही म्हणून मोकळं होता आलं असतं, पण खोटं बोलणं आत्याला कॅमेऱ्यासमोरच जमे. गुच्छवाली, असं ती पुटपुटली. त्यांनी तो तुकडा तीनदा पाहिला. मग कॅमेरामनला बोलावून समोरून काढलेलं काही आहे का, ते विचारलं.

"नाही. बाई खूण चुकल्या," तो म्हणाला. "पुन्हा घेता आलं नाही."

अध्यक्षांनी हुकूम परत वाचला आणि चष्म्यावरून आत्याकडे पाहिलं.

"यात पाठीबद्दल काही लिहिलेलं नाही. जा, कामाला लागा."

बाहेर आत्या जिन्यातच मटकन बसली आणि हसता हसता रडायला लागली. मागून कॅमेरामन आला, तेव्हा तिने तीन वर्षांनी त्याच्याशी तोंड उघडलं आणि त्याला चहाला बोलावलं.

वर्षभरात नव्या सरकारनेही स्वतःचा सिनेमा काढला. पुन्हा गुच्छ, पुन्हा आत्या. कॅमेरामनने या वेळी खडूऐवजी जमिनीवर रुंद पांढरी पट्टी चिकटवली. आत्याने चष्मा माझ्याकडे दिला, पट्टीपर्यंत आली, ती ओलांडून एक पाऊल पुढे गेली आणि नव्या साहेबांकडे वळली. पुन्हा करा असं कुणीच म्हणालं नाही.

मेकअपच्या खोलीत मी तिला चष्मा परत दिला आणि विचारलं, इतकी मोठी पट्टीसुद्धा दिसली नाही का?

"दिसली की," आत्या म्हणाली. "चांगली हातभर रुंद होती."