वाऱ्याला पळायला जागा

समस्त वाचकांस अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, ज्या बीड जिल्ह्यात उन्हाळ्यात टँकर दिसला तरी लोकांना समुद्रदर्शनाचं पुण्य लागतं, तिथं एका माणसानं आयुष्यभर लाटांचा अभ्यास केला. कृपया हसू नये. आम्ही सगळे हसून झालेलो आहोत.

हे सर आमच्या कॉलेजात फिजिक्स शिकवायचे, मी मराठी. कॅन्टीनचा चहा बशीत ओतला की आधी फुंकर मारायचे आणि वाकून बघत बसायचे. "बघा, उठली! पण लगेच काठ आला अन् मेली. वाऱ्याला पळायला जागा द्या, मग बघा!" वारा पाण्यावरून जितका लांब पळेल तितकी लाट मोठी होते, हे त्यांचं सगळं अध्यात्म. एसटीच्या दारात गर्दी झाली तरी "वाऱ्याला जागा द्या!" असं ओरडायचे. कंडक्टर बिचारा बावरून बाजूला व्हायचा.

अडचण अशी, की आमच्याकडं वारा असतो तेव्हा तलावात क्रिकेट चालतं, आणि पाणी येईपर्यंत वारा निघून गेलेला असतो. निवृत्तीआधीच्या शेवटच्या उन्हाळ्यात सरांनी एका गावच्या कोरड्या तलावात, गावापासून लांब, पूर्वेच्या काठाशी लोखंडी खांब रोवला. अंगावर मापाचे पट्टे, वर लाट मोजायची तार. सगळं स्वतः जुळवलेलं. पश्चिमेचा वारा अख्खं तळं ओलांडून तिथं पोचणार होता.

आणि त्या वर्षी पाऊस लवकर आला! तळं तुडुंब, वारा अजून सोसाट्याचा. सर माझ्या स्कूटरवर मागं बसून चक्क गात होते. पोचलो तर खांब अलीकडं, गावाच्या काठाला. शेंदूर फासलेला, गळ्यात झेंडूचा हार.

"खांब आला अन् मागोमाग पाऊस," गावातली थोरली आजी म्हणाली. "देव तिकडं उन्हात एकला व्हता. आमी घरी आणला."

वारा आमच्या पाठीमागून येत होता. तो पाण्यावर उतरायचा तोच इथं, त्यामुळं देवापाशी पाणी जेमतेम शहारत होतं. पलीकडच्या काठाला मात्र पांढरा फेस उसळत होता. सरांचा चेहरा बघवेना. पुढच्या वर्षी ना कॉलेज, ना पाण्याचा भरवसा.

"आजी, हा परत तिकडं न्यावा लागेल."

"देव हलवायचा न्हाई, सर. पाऊस रुसंल."

मी कानात कुजबुजलो, "सांगा ना, देव स्वप्नात आला म्हणून."

"मराठीवाले, खोटं बोलून मोजलेली लाट मला नको."

सरांनी धान्य पाखडायचं सूप मागवलं. जनावरांच्या लांबलचक हौदाच्या एका टोकाला आजीला उभं केलं. "घाला वारा." आजीनं पदर खोचला आणि सूप हलवायला लागली. तिच्यापुढं पाणी नुसतं थरथरलं; दुसऱ्या टोकाला पोचेपर्यंत लाटा झाल्या आणि पाणी पिणाऱ्या म्हशीच्या नाकात गेल्या. म्हैस फुरफुरली. गाव खदाखदा हसलं. आजी मात्र विचारात पडली.

"म्हंजी इथं देवाला नुसत्या गुदगुल्या. खरी अंघूळ तिकडं हाय."

"आजी, तो देव नाही. पण अंघोळीचं खरं आहे."

"तुमी गप बसा, सर. हलगी आणा रं!"

सर आता नाहीत. त्या लाटांवर त्यांनी लिहिलेला निबंध मी दोनदा वाचला, कळला एकदाही नाही. पण ती दुपार मला तोंडपाठ आहे. हलगीच्या तालावर खांब बांधावरून पलीकडं गेला, पाण्यात रोवला गेला. गाव काठावर हात जोडून उभं राहिलं. सर पँट-शर्टासकट छातीभर पाण्यात. पट्ट्याला डोळा लावायला वाकायचे, लाट डोक्यावरून जायची, आकडा ओरडत वर यायचे, की पुन्हा खाली. चष्मा केव्हाच वाहून गेला होता. ते हसत होते. रडतही असावेत, ओल्या माणसाचं काय कळणार? हलगी आपोआप थांबली. आणि त्या शांततेत आजी मोठ्यांदा बोलून गेली:

"आगं माय! देव राहिला बाजूला, ह्यो मास्तर तर लाटंच्याच पाया पडायलाय!"