कागदाएवढी फट

वेढेमास्तरांना खरं नाव होतं, पण ते कागदोपत्री. चाळीस वर्षं तांब्याच्या तारेचे वेढे मोजून ट्रान्सफॉर्मर गुंडाळले, म्हणून वेढेमास्तर. माणूस महाहट्टी. "एक वेढा चुकला तर नाव बदलेन," असं गिऱ्हाइकाला ठणकावून सांगायचे. शेजारून बायको म्हणायची, "अहो, आहे ते कुणाला माहीत आहे का आधी?"

ती त्यांच्या शेजारच्या टेबलावर बसायची. मास्तर तार गुंडाळणार, ती त्या वेढ्यांत लोखंडाचे पातळ पत्रे भरणार. जुन्या पद्धतीच्या क्लास-ए अ‍ॅम्प्लिफायरमध्ये एकटा व्हॉल्व्ह, म्हणजे काचेची तापणारी नळी, सगळं ओझं ओढतो. गाणं चालू असो की नसो, त्याचा प्रवाह ट्रान्सफॉर्मरमधून वाहतच असतो आणि त्याने आतलं लोखंड गुंगून जातं, आवाज घुसमटतो. म्हणून पत्र्यांच्या दोन भागांमध्ये कागदाएवढी फट ठेवायची, आणि ती बुजू नये म्हणून तिथे खराच कागद घालायचा. एक कागद. मास्तरांनी त्या जाडीचा हिशोब तरुणपणी केला होता आणि भिंतीवर लिहून ठेवला होता. त्यात बदल म्हणजे पाप.

बायको गेली त्याला आठ महिने झाले. तेराव्या-चौदाव्या दिवशी मास्तर कामाला बसले, कारण घरात बसवत नव्हतं. तिचा कागदांचा डबा उघडला तर सगळे चौकोन कापून ठेवलेले, पण दोन-दोन एकमेकांना कोपऱ्यात चिकटलेले. "आजारपणात हात थरथरायचा बिचारीचा, डिंक सांडला असणार," असं म्हणत त्यांनी अख्खी दुपार ब्लेडने एकेक जोडी सोलून सुटी केली. काम नेटकं झालं याचं त्या दिवशी त्यांना तेवढंच समाधान.

मग त्यांनी एकट्याने केलेला एक अ‍ॅम्प्लिफायर परत आला. आवाज घोगरा, जाड सूर आला की घुसमटल्यासारखा. पाठोपाठ दुसरा. मास्तरांनी व्हॉल्व्ह बदलले, तार उलगडून पुन्हा गुंडाळली, पण पालथ्या घड्यावर पाणी. तिसरा आला तो समोरच्या घड्याळवाल्याचा, तीस वर्षांच्या दोस्ताचा.

"मास्तर, वय झालं आपलं," घड्याळवाला हळूच म्हणाला. "माझेही हात हलतात हल्ली."

हे मास्तरांना फार लागलं. शिव्या चालल्या असत्या, कीव नको होती. त्यांनी मनाशी ठरवलं, हा सुधारला नाही तर पाटी काढायची आणि कुलूप घालायचं. पण कुलूप घालून जायचं कुठे, हे काही ठरत नव्हतं.

शेवटी त्यांनी घरचा अ‍ॅम्प्लिफायर खाली उतरवला. बारा वर्षांपूर्वी दोघांनी मिळून केलेला, अजून खणखणीत वाजणारा. त्याचा ट्रान्सफॉर्मर उघडला. फटीत दोन कागद होते.

"चुकली की गं तू!" ते मोठ्याने म्हणाले. जित्याची खोड, दुसरं काय. मग मायक्रोमीटर लावला. दोन कागद मिळून जाडी बरोबर भिंतीवर लिहिली होती तेवढी भरली. आणि एकदम तिचा आवाज आठवला. "अहो, हल्ली हा कागद पातळ यायला लागलाय. जरा मोजून बघता का?" त्यावर ते काय बोलले होते, तेही आठवलं. "तू पत्रे भर. अक्कल मी चालवतो."

त्याबद्दल ती पुन्हा बोलली नव्हती. बारा वर्षं गुपचूप दोन कागद घालत राहिली, आणि लोक मास्तरांच्या हाताला यश आहे म्हणत राहिले.

मास्तरांनी घड्याळवाल्याच्या ट्रान्सफॉर्मरसाठी डब्यातले दोन सुटे कागद घेतले. पत्रे आवळताना ते एकमेकांवरून सरकू लागले, म्हणून कोपऱ्यात डिंकाचा ठिपका द्यायला बोट पुढे नेलं. तिथे आधीच वाळलेला ठिपका होता, अर्धा खरवडलेला. त्यांनी दुसरी जोडी पाहिली, तिसरी पाहिली. प्रत्येकीवर त्याच कोपऱ्यात तेवढाच ठिपका. डिंक सांडला नव्हता. हा हट्टी माणूस एकच कागद उचलणार हे तिला माहीत होतं, म्हणून जाण्याआधी तिने दोनाचा एक करून ठेवला होता.

म्हातारा टेबलावर डोकं टेकून पोरासारखा रडला.

संध्याकाळी अ‍ॅम्प्लिफायर लागला. जाड सूर मोकळा, स्वच्छ आला. घड्याळवाल्याने मांडीवर थाप मारली. "वा मास्तर! हात म्हणजे हात आहे तुमचा!"

"हात तिचा होता," मास्तर म्हणाले. "माझ्यासाठी ठेवून गेली होती, मी ब्लेडने सोलून टाकला."

घड्याळवाल्याला काही कळलं नाही. दुःखात माणूस असं बरळतो, असं समजून त्याने त्यांच्या पाठीवरून हात फिरवला आणि गाणं पुन्हा पहिल्यापासून लावलं.