फोटोच्या कडेला उभी असलेली बाई

लढाई संपल्यावर मी फौजेतून सांगलीला परतलो, तो सिनेमाचा एक जुना कॅमेरा आणि प्रोजेक्टर विकत घेऊनच. फौजेत मी सिनेमाच्या तुकडीत होतो. आता स्वतःचं काहीतरी करायचं होतं, पण माझ्याकडे ना नट होते, ना कथा. होत्या त्या मामाच्या काचेच्या निगेटिव्ह. मामा पूर्वी सातारा-सांगलीकडच्या बाजारांतून फिरून फोटो काढायचा. नजर गेल्यावर त्यानं सगळ्या पेट्या माझ्या हवाली केल्या.

मी एकेक काच खिडकीशी उभी करून तिचं चित्रीकरण केलं. फिल्म मी आणि बायकोनं मोरीत दार लावून बादलीत धुतली. काचेवरची काळी तोंडं फिल्मवर उजळून आली तेव्हा आम्हाला जेवणाचीही शुद्ध राहिली नाही.

पहिला खेळ लोणंदला केला. सासऱ्यांच्या ओळखीच्या व्यापाऱ्यानं कांद्याचं गोदाम दिलं. खिडक्यांना पोती लावली, भिंतीवर धोतर ताणलं आणि मी हातानं प्रोजेक्टर फिरवू लागलो. लोक आपापली माणसं ओळखत होते. बैलजोडीचा एक फोटो आला आणि व्यापारी उभाच राहिला. शेजारी बसलेल्या आपल्या धाकट्या बहिणीला म्हणाला, "बाय, ती कडंला हाय ती आपली आई."

आई गेली तेव्हा ही बहीण रांगत होती. तिनं "कंची?" म्हणेपर्यंत चित्र निघून गेलं. मी फिल्म मागे घेऊन पुन्हा दाखवली. थांबवता येत नव्हती, दिव्यानं जळाली असती. तिसऱ्या वेळी ती धावत धोतरापाशी गेली, तर तिचीच सावली आईवर पडली.

"दादा, लय बारीक दिसतीया," ती मला म्हणाली. "जरा जवळ आणा की तिला."

परतीच्या गाडीत मला दुसरं काही सुचेना. फोटो अख्खाच दाखवायला हवा असं थोडंच होतं! घरी येताच ती काच शोधली. मामाला सांगितलं, तर तो म्हणाला, "अशी माणसं नेहमी फोटोच्या मध्ये यायची, मी ओरडून हाकलायचो. ही बाजूला सरली नसेल." त्याचंच भिंग बायकोनं कॅमेऱ्यापुढे धरलं आणि मी कॅमेरा फळीवरून इंचाइंचानं पुढे सरकवला. पहिली फिल्म धूसर आली. दुसरी मोरीतून उजेडात नेली आणि बायको ओरडलीच, "हसतेय ती!"

लोणंदला पुन्हा पोती लागली. आधी बैल दिसले, मग गाडीचं चाक, मग उन्हानं डोळे बारीक केलेली, पदर दातात धरलेली बाई. तिचा चेहरा वाढत वाढत धोतरभर झाला. व्यापारी रडत होता. बहीण मात्र स्वतःच्या हनुवटीवरून बोट फिरवत एकटक बघत होती.

"माजी हनुवटी तिचीच हाय," ती म्हणाली. मग माझ्याकडे वळून, "आता तिला जरा चालवा की."

गोदामात हशा पिकला. मी आणि बायको मात्र हसलो नाही. स्टेशनावर पोचेपर्यंत बायकोनं ठरवून टाकलं होतं की फोटोचा कागदावर ठसा घ्यायचा, बाई कात्रीनं सुटी करायची आणि बैलांपुढून केसभर केसभर सरकवत दर वेळी फिल्मवर एकेक चित्र घ्यायचं. पुढचे कित्येक रविवार त्यातच गेले. बाई चालली, अडखळत, एका अंगाला झुकत, पण बैलांना ओलांडून पार पलीकडे गेली.