रडके-सात

मेहकरच्या बसस्टँडजवळच्या नेट कॅफेत जो बसायचा, त्याचं नुसतं तोंड आठवलं तरी आजही माझं डोकं सणकतं.

बीटी कपाशी नवीनच आली होती तेव्हाची गोष्ट. आम्हाला मिळालेलं बियाणं बोगस निघालं. झाडं कमरेएवढी झाली अन् बोंडांचा पत्ता नाही. बाबांनी एकट्यानं जाऊन त्या कॅफेत तक्रार अर्ज टाइप करून घेतला. आमच्याकडची प्रत पुढं पावसात भिजली, तिचा पार लगदा झाला. कृषी खात्याचे पाहणीवाले दुसऱ्या दिवशी सकाळी शेतात येणार होते. अर्जाची प्रत हातात नसेल तर पंचनामा होणार नाही, असं त्यांनी बजावलं होतं. म्हणून मी बस धरून मेहकर गाठलं.

गडी चॅटरूममध्ये रंगला होता. तिथलं त्याचं नाव 'कूल इंजिनिअर मुंबई'. मुंबई म्हणे! मलकापूरच्या पुढं गेला नसेल कधी मेला. मान वर न करताच म्हणाला, फाईल तूच शोध.

शेजारच्या कॉम्प्युटरवर दीडदोनशे फाईली, अन् एकीलाही माणसाचं नाव नाही. टकल्या-दोन, चष्मा, तंबाखू, जाडी-नवी. चार उघडल्या तेव्हा कळलं, साहेब गिऱ्हाइकाकडं पाहून नाव ठेवतात. बाबांना झुपकेदार मिशा, म्हणून 'मिशी' उघडली. कुणाचा तरी जातीचा दाखला निघाला. 'टोपी'त जुना ट्रॅक्टर विकल्याचा कागद. शेवटच्या बसची वेळ होत आली होती. मग दिसलं रडके-एक. तिथून रडके-अकरापर्यंत, सगळ्यांत बियाण्याचीच तक्रार. सातव्यात बाबा.

रडके? माझे बाबा? आजी गेली तेव्हाही त्यांच्या डोळ्यांत पाणी दिसलं नव्हतं.

"हे नाव काऊन ठेवलं?" मी विचारलं.

"मंग काय ठेवू? अर्धा घंटा रडला तुझा बाप त्या खुर्चीवर."

त्याची नजर अजून स्क्रीनवरच. चॅटवरची पोरगी त्याला विचारत होती, मुंबईत कुठं राहतोस. मी प्रिंट काढली, फाईलला बाबांचं पूर्ण नाव दिलं. मग त्याचा कीबोर्ड ओढला अन् लिहिलं, हा मुंबईचा नाही, मेहकरच्या बसस्टँडवर अर्ज टाइप करतो. एंटर मारून निघाले. त्याच्या शिव्या बसपर्यंत ऐकू येत होत्या.

घरी बाबा दारातच उभे होते. प्रत हातात घेतली, घडी घालून खिशात ठेवली, तरी दारातून हलेनात.

"तो पोट्टा काही बोलला काय?" त्यांनी विचारलं.

"काही नाही," मी म्हणाले. "फाईल तुमच्याच नावानं होती."