नॉर्मन राजाचे सिंह आणि उदगीरचा दगड

जायचं ठरलं ते दिरांच्या फोनमुळे. आमचे सर, म्हणजे माझे यजमान, शाळेत इतिहास शिकवायचे. त्यांना जाऊन वर्ष होत आलं. आम्ही लिंगायत, आमच्यात माणसाला पुरतात आणि वर समाधी बांधतात. उदगीरच्या शेतात ओटा झाला होता. वरच्या दगडावर नंदी आणि त्याच्याखाली ढाल नि दोन सिंह कोरायचे, असं दिरांनी परस्पर ठरवून टाकलं. आता सिंह कुठून आले? तर सर नॉर्मन राजाचा धडा फार रंगवून सांगायचे, म्हणून.

अहो, पण धड्यातली गंमतच ती होती! तो राजा इंग्लंड जिंकून मेला, आणि त्याच्या ढालीवर सिंह चढवले ते पुढच्या पिढ्यांनी. सर हसून म्हणायचे, "त्या बिचाऱ्याला विचारलं का कुणी?" दगडावर छिन्नी चालली की संपलंच. मी तडक निघाले.

नांदेडहून सकाळची एसटी धरा, बायकांना अर्धं तिकीट आहे. लोह्यापर्यंत रस्ता झकास, कंधारकडे वळलं की हाडं खिळखिळी. कंधारचा किल्ला आम्ही दोघं कधीतरी बघणार होतो. पाणी घरून न्या, या दुष्काळात तिथे मिळणार नाही. खंदकाच्या कडेला उभी राहून मी मोठ्यांदा म्हणाले, "बघा हो, खंदक आटला." एका शेळीनं तेवढं वळून बघितलं.

स्टँडसमोर सुशीला, म्हणजे भिजवलेल्या मुरमुऱ्यांचे पोहे, छान मिळते. सवयीनं दोन प्लेट सांगितल्या. एक परत करायची लाज वाटली, मग दोन्ही खाल्ल्या.

जांब, जळकोट करत उदगीर. जिथे तिथे 'उदगीर जिल्हा झालाच पाहिजे'चे फलक, आणि खाली घागरींची रांग. बसमधले एक काका शेजाऱ्याला सांगत होते, जिल्हा हू दे की, पन आधी नळाला पानी तर येऊ दे.

शेतात दीर आणि पाथरवट मस्तानभाई वाटच बघत होते. खडूनं सिंह काढून झाले होते. मी ओढणीनं पुसले. दीर रुसले, मी म्हटलं, नंदी राहू द्या, सिंह नकोत.

मस्तानभाईंनी विचारलं, "मंग सरान्ला काय आवडायचं, वैनी?"

एवढा संसार केला, आणि मला राजेच आठवत होते. रडूच फुटलं. मग आठवलं, सर चहाआधी गच्चीवर जायचे, पाखरांसाठी मातीच्या पसरट परळात पाणी भरायला. मी म्हटलं, दगडात वाटीएवढा खळगा करा.

"करतो की. पन पानी कोन घालनार? हितं कुनी ऱ्हात न्हाई."

"मी येईन," म्हटलं खरं. कशी येणार, देव जाणे.

परतीचा रस्ता तोच, बस अर्धी रिकामी. खिडकीची जागा मिळाली आणि शेजारी पिशवी ठेवली.

घरी आले, कुलूप काढलं आणि पर्स खांद्यावर तशीच घेऊन गच्चीवर गेले. सर गेल्यापासून परळ कोरडं पडलं होतं, तळाशी धुळीचा थर. घासलं, भरलं, बाजूला बसून राहिले. एकही पाखरू आलं नाही.

वर्षभरात पाखरांची इकडे यायची सवय मोडली असणार. उद्या चहाआधी परत भरीन.