लाल पट्ट्याचे ब्रॅकेट

मार्चमधला मंगळवार, सकाळी साडेअकरा. चाकणजवळचं पत्र्याचं गोदाम. हजर: जीएसटीचे अधिकारी एक, निरीक्षक दोन, पंच दोन, गोदामाचे मालक सुरेश माने, त्यांच्या पत्नी सुनीताताई आणि मी, त्यांची कर वकील. मी पोहोचले तेव्हा दाराला सील लावायची तयारी चालली होती.

मानेभाऊ मूळचे औशाचे. भोसरीतल्या लहान प्रेस शॉपमधून, म्हणजे पत्रा दाबून सुटे भाग काढणाऱ्या कारखान्यांतून, लोखंडी ब्रॅकेट घ्यायचे आणि चाकणच्या एका कंपनीला पुरवायचे, हा त्यांचा धंदा. नापास मालावर कंपनी लाल रंगाचा पट्टा मारते आणि आलेल्या टेम्पोतूनच परत पाठवते. सोबत परतीच्या मालाचं चलन यायला हवं. कंपनीचा स्टोअरवाला म्हणतो, "कागद उद्या देतो." तो उद्या येत नाही. कोड, म्हणजे कंपनीने पुरवठादाराला दिलेला नंबर, जाईल या भीतीने मागे लागायला कोणी धजत नाही. मानेभाऊही धजले नव्हते. त्यामुळे गोदामात माल जास्त, पुस्तकात कमी.

"साहेब, लाल पट्ट्याचा सगळा माल रिजेक्शनचा आहे," मी म्हणाले.

"मॅडम, पुस्तकापेक्षा माल जास्त आहे. विषय संपला."

"मग जास्तीच्या मालावर कर मागा. चांगला माल का अडवता?"

"निवडत बसायला आम्ही हमाल आहोत का?"

मानेभाऊंनी हात जोडले. "साहेब, शनवारी माल न्हाई गेला तर कोड बंद व्हतो हो."  कोड गेला की माल गेटवरूनच परत.

"ते कंपनीला सांगा," साहेब म्हणाले आणि फोनमध्ये शिरले.

पंचनामा मी दोनदा वाचला. लाल पट्ट्यांचा उल्लेख नव्हता. तो टाकल्याशिवाय भाऊ सही करणार नाहीत, असं सांगितलं.

"रंगाचं काय एवढं मॅडम? रंगपंचमी होऊन गेली," एक निरीक्षक हसला.

"माझी राहिलीय. लिहा."

त्याने लिहिलं. भाऊंनी सही केली आणि दाराला साहेबांचं कुलूप आणि वर सील लागलं.

शनिवारी माल गेला नाही. कोड बंद झाला. पुढच्या महिन्यात सुनावणीची नोटीस आली ती शुक्रवारी संध्याकाळी, सुनावणी शनिवारी सकाळी. मी बोलत असतानाच टेबलावर आदेशाची छापील प्रत दिसत होती. सगळा माल सरकारजमा. जप्तीत माल अडकतो, सरकारजमा झाला की मालकीच जाते. आदेशात लाल पट्ट्यांबद्दल एक शब्दही नव्हता. माझं म्हणणं ऐकायच्या आधीच तो छापलेला होता, हे आठवलं की आजही माझं डोकं फिरतं.

आम्ही उच्च न्यायालयात गेलो. न्यायमूर्तींनी पंचनामा उघडला, ती ओळ वाचली आणि सरकारी वकिलांना विचारलं, "चोरून विकायच्या मालाला कोणी लाल पट्टे मारतं का?"



आदेश रद्द झाला. पुस्तकात फरक असेल तर कराची रीतसर चौकशी करा. माल सरकारजमा करायचा तर कर बुडवण्याचा हेतू दाखवावा लागेल, असं न्यायालयाने स्पष्ट लिहिलं. माल दोन आठवड्यांत परत.

बाहेर सुनीताताईंनी विचारलं, "मॅडम, कोर्टानं काय दिलं?"

"माल."

"आन् कोड?"

कंपनीचा खरेदी मॅनेजर म्हणतो, आधी माल तपासतो, गंजला नसेल तर कोड चालू करायचं बघू. म्हणजे गोदाम उघडायला हवं. दरम्यान जुने साहेब बदलून गेले. नवे साहेब म्हणतात, कुलपाची चावी चार्ज घेताना मिळालेली नाही, पत्राने कळवू. दोन आठवडे कधीच उलटले.

धडा एवढाच: चलनाशिवाय रिजेक्शनचा टेम्पो आत घेऊ नका, स्टोअरवाला कितीही गोड बोलला तरी.

माझ्या वहीत या केसची यादी आहे. आदेशाची प्रत दिली, टिक. स्मरणपत्र दिलं, टिक. दुसरं स्मरणपत्र, टिक. अवमान याचिकेचा मसुदा, टिक.

सील काढणे. बाकी.