अन्सेल्म गर्दीवाला

फ्रान्समधल्या नीस शहरातल्या सिनेमाच्या स्टुडिओत मी उभं आयुष्य लोकांच्या तोंडाला रंग लावला. नटांचे नखरे इतके सोसलेत की स्वर्गात जागा नक्की आहे. पण अन्सेल्म रुबोची आठवण आली की अजून बरं वाटतं.

तो साहाय्यक दिग्दर्शक. पडद्यावरच्या गर्दीत उभं राहणाऱ्या गर्दीवाल्यांना हाकायचं, कॅमेऱ्याकडे बघू नका म्हणून बजावायचं, वेळेवर जेवू घालायचं आणि कोणी कमी पडलं की स्वतः टोपी चढवून पोलीस, वेटर नाहीतर मुडदा व्हायचं, हा त्याचा धंदा. सगळ्या फ्रान्सने त्याची पाठ पाहिली होती, तोंड कोणीच नाही. त्याची बायको नोरीन मासळीबाजारात बसायची. "आमचे हे सिनेमात असतात हो," ती गिऱ्हाइकांना सांगायची, "पण ओळखायचं असेल तर मागून बघा!" तो हसण्यावारी न्यायचा, पण त्याला लागायचं. एकदा तरी समोरून दिसावं, चार वाक्यं बोलावीत, एवढीच त्याची हौस होती.

ऑगस्टमध्ये डोंगरावरच्या एका गावात जुन्या काळच्या सिनेमाचं शूटिंग चाललं होतं. उन्हाच्या तडाख्यात सगळे लोकरी कपड्यांत. मेयरचं काम करणारा नट शिळे शिंपले खाऊन आडवा झाला. दिग्दर्शक मॉर्व्हां साहेब म्हणाले, "रुबो, भाषण पाठ आहे ना? चढ कचेरीच्या पायऱ्यांवर. ऊन उतरतंय, एकदाच घेता येईल. फसलं तर उद्या तो येईल नि तू परत गर्दीत."

मी मिशा चिकटवताना गडी भाषण पुटपुटत होता. "हलू नकोस मेल्या," मी म्हटलं, "मिशी कानाला लागेल."

कॅमेरा सुरू झाला. अन्सेल्म काय बोलत होता! मला भरून आलं. आणि अर्ध्यातच त्याची नजर गर्दीत अडकली. झेली मावशी, गर्दीवाल्यांतली सगळ्यात म्हातारी, जाड शालीत डुलायला लागली होती. थांबावं तर हातची संधी जाणार, बोलत राहावं तर मावशी दगडांवर आपटणार.

तो थांबला नाही. मेयरच्याच थाटात हात उंचावून गरजला, "आणि नागरिकहो, आपल्या गावात म्हातारी माणसं उन्हात उभी राहत नाहीत! झेलीबाईंना खुर्ची द्या! पाणी आणा!"

वर्षानुवर्षं गर्दी त्याच आवाजावर उठत-बसत आली होती. दोघे कॅफेकडे धावले, कोणी शाल सोडली, कोणी सुरई आणली. मावशी बसली. अन्सेल्मने टोपी काढून तिला लवून नमस्कार केला आणि उरलेलं भाषण पुरं केलं.

मॉर्व्हां साहेबांनी शेवटपर्यंत कॅमेरा थांबवला नाही. मग विचारलं, "हे मधलं कोणी लिहिलं?"

"कोणी नाही, साहेब. म्हातारीला चक्कर येत होती."

"म्हातारी कोणाला म्हणतोस रे टकल्या?" खुर्चीतून मावशी कडाडली.

"राहू दे ते," साहेब म्हणाले. "तसंच राहू दे."

सिनेमा लागला तेव्हा आम्ही सगळे नोरीनबरोबर गेलो. पडद्यावर अन्सेल्म, समोरून, मिशांसकट! खुर्ची आली तशी लोकांनी टाळ्या पिटल्या. नोरीन डोळे पुसत म्हणाली, "अहो, किती रुबाबदार दिसताय!"

अन्सेल्मच्याही डोळ्यांत पाणी होतं. त्याने तिचा दंड घट्ट धरला आणि पडद्याच्या खालच्या कोपऱ्याकडे बोट दाखवलं. "मला काय बघतेस? माझी माणसं बघ. एवढी धावपळ झाली, पण एकानेही कॅमेऱ्याकडे बघितलं नाही!"